काळ विणणारी देवता घडवताना: सुतापासून देवळापर्यंत

कल्पित जग रचायला बसलं की नशिबाची देवता लागतेच, आणि बहुतेक वेळा ती एकाच साच्यातून निघते. एक गूढ म्हातारी, सोनेरी धागे, शेवटी कात्री. ती नायकाला सांगते की तुझा धागा इतरांसारखा नाही, आणि वाचक पुढची चार पानं भराभर उलटतो. अशा देवतेत बिघडतं ते एवढंच की लेखकाने धागा उचललेला असतो, पण माग पाहिलेला नसतो. माग हे यंत्र आहे. त्याला ताण लागतो, जागा लागते, घरातली माणसं लागतात, आणि त्याच्यावर काही गोष्टी करताच येत नाहीत. या अडचणी देवतेच्या गळ्यात बांधल्या की ती कथेत काम करायला लागते.

हे मार्गदर्शन दीर्घ कादंबरी लिहिणाऱ्यांसाठी आहे, आणि मित्रमंडळींत भूमिका-खेळ (रोल-प्लेइंग गेम) चालवणाऱ्यांसाठीही. सोबत एक देवता घडवत जाऊ. तिचं नाव वेमाई. तिचा मुलूख सातमुख: एक नदी समुद्राला मिळताना सात फाट्यांत फुटते तिथला खाजणांचा, मिठागरांचा प्रदेश. तुमचा मुलूख वेगळा असेल, तिथे उत्तरंही वेगळी येतील. क्रम मात्र शक्यतो हाच ठेवा, कारण पुढची प्रत्येक पायरी आधीच्या निवडीवर उभी आहे.

पहिली पायरी: ती कातते, विणते की लिहिते?

ग्रीकांच्या मोइराई तिघी. क्लोथो सूत कातते, लाखेसिस ते मोजून वाटते, आत्रोपोस तोडते. नीट पाहिलं तर यात कापड कुठेच नाही. प्रत्येक माणसाचं सूत स्वतंत्र, त्याची लांबी स्वतंत्र. उत्तरेकडच्या नॉर्स परंपरेतल्या उर्द, वेर्दांदी आणि स्कुल्द या नॉर्न विश्ववृक्षाच्या मुळाशी पाणी घालतात आणि लाकडावर खुणा कोरतात. त्याच परंपरेत एक भयंकर माग मात्र आहे: 1014 सालच्या आयर्लंडमधल्या क्लोन्टार्फच्या लढाईच्या वेळी वाल्किरी, म्हणजे रणांगणात कोण मरणार ते निवडणाऱ्या दैवी स्त्रिया, विणायला बसतात, ताणा (मागावरचे उभे धागे) माणसांच्या आतड्यांचा आणि मागाला वजनं म्हणून मुंडकी टांगलेली.

आपल्याकडे महाभारताच्या आदिपर्वात उत्तंकाची गोष्ट येते. तक्षकाने पळवलेली कुंडलं शोधत तो नागलोकात उतरतो, तेव्हा तिथे दोन स्त्रिया काळ्या-पांढऱ्या धाग्यांचं वस्त्र विणत असतात आणि सहा मुलं बारा आऱ्यांचं चाक फिरवत असतात. गुरू नंतर उलगडा करतात: स्त्रिया म्हणजे धाता आणि विधाता, धागे म्हणजे रात्र आणि दिवस, मुलं म्हणजे ऋतू, चाक म्हणजे संवत्सर. इथे एकेका माणसाचं नशीब नाही. सगळ्यांचा मिळून एकच काळ विणला जातो आहे.

आणि सटवाई. बाळाच्या पाचव्या-सहाव्या रात्री पाटावर कोरा कागद आणि लेखणी ठेवतात. ती येते, कपाळावर लिहिते आणि निघून जाते.

यातून निवड करा. लिहिणारी देवता एकदाच येते, तिच्याशी नंतर वाद घालता येत नाही. कातणारीचा संबंध एकेकट्या माणसाशी. विणणारी मात्र रोज मागावर असते, आणि तिच्या कामात एक धागा दुसऱ्याला अडल्याशिवाय पुढे सरकत नाही. तुमची कथा नातेसंबंधांची, घराण्यांची, शहराची असेल तर विणणारी घ्या. एकट्या भटक्या वीराची असेल तर कातणारी पुरे, मग माग आणून गर्दी करू नका.

दुसरी पायरी: सूत कशाचं?

सोन्याचं सूत सोडून द्या. त्याने काहीच कळत नाही.

रेशीम घ्यायचं तर लक्षात ठेवा, एका कोशातून शेकडो मीटर लांबीचा अखंड तंतू निघतो. पण तो अखंड मिळावा म्हणून कोश आतल्या जिवासकट उकळावा लागतो. म्हणजे तुमच्या देवतेचा प्रत्येक अखंड धागा कुणाच्या तरी मरणातून येतो. लोकर दरवर्षी पुन्हा उगवते, मेंढी जगते. तिथे बळीऐवजी वार्षिक कर असतो. जवसाचं सूत हवं तर झाडाचे देठ आधी पाण्यात कुजवावे लागतात.

कापसाचा तंतू जेमतेम दोन-तीन सेंटिमीटर. त्याची मजा वेगळी. गजभर सुतात एकही तंतू या टोकापासून त्या टोकापर्यंत जात नाही. सगळं धरून ठेवतो तो फक्त पीळ.

सातमुखात वरच्या मुलखातून होड्यांनी कापूस येतो, म्हणून वेमाईचं सूत कापसाचं. प्रत्येक तंतू म्हणजे माणसाने केलेली एक कृती. मग पीळ कशाचा? मी तो दिलेल्या शब्दाचा धरला. सातमुखात कुणी वचन मोडलं की त्याचा पीळ सुटतो, त्याच्या आयुष्यातल्या गोष्टी एकमेकींना धरून राहत नाहीत: कालचं आज आठवत नाही, केलेलं काम फळाला येत नाही. आकाशातून वीज पाडण्यापेक्षा ही शिक्षा मला जास्त भीतिदायक वाटते. शिवाय ती लिहायला सोपी.

तिसरी पायरी: माग निवडा

इथे घाई करू नका. देवतेचं अर्धं व्यक्तिमत्त्व मागातून येतं.

प्राचीन ग्रीसमध्ये आणि उत्तर युरोपात उभा माग होता. ताण्याचे धागे वरून लोंबायचे, खाली दगडांची नाहीतर भाजलेल्या मातीची वजनं, आणि कापड वरून खाली वाढत यायचं. विणणारी उभी, मागापुढे येरझारा घालणारी. अशा देवतेच्या जगात भविष्य खाली असतं आणि ते ताठ ठेवायला सतत काहीतरी जड टांगावं लागतं. तुमच्या जगात ती वजनं कोण आहेत, हा प्रश्न विचारताच एक पंथ तयार होतो.

ईशान्य भारतात आणि मध्य अमेरिकेत कमरेला पट्टा बांधून विणतात. मागाचं एक टोक खांबाला, दुसरं विणणारीच्या कमरेला. ताण तिच्या शरीराचा. ती पुढे झुकली की धागे सैल, मागे रेलली की ताठ, उठली की माग उरतच नाही. कापडाचा पन्हा तिचे हात पोचतील तेवढाच. छोट्या जगासाठी, एखाद्या बेटासाठी, एकाच कुळासाठी ही देवता नामी आहे. ती जागची हलू शकत नाही, आणि तिला उठवणं हेच खलनायकाचं ध्येय.

यंत्रयुगातलं जग असेल तर जॅकार्डचा माग आहेच. 1804 च्या सुमाराला फ्रान्समध्ये आलेल्या या मागात भोकं पाडलेले पुठ्ठे ठरवतात की कोणते धागे उचलले जातील. इथे देवता विणत असली तरी नक्षी तिची नाही, पुठ्ठे पाडणाऱ्याची आहे. सगळं आधीच ठरलेलं असण्याची कथा हवी असेल तर हाच माग घ्या, पण पुठ्ठे कुणी पाडले याचं उत्तर आधी स्वतःशी ठरवा.

वेमाईसाठी मी खड्डामाग घेतला. विणकर जमिनीच्या पातळीवर बसतो, पाय खड्ड्यात, पायांनी खालच्या पट्ट्या दाबायच्या, की वही, म्हणजे ताण्याचे धागे ओवलेली दोऱ्यांची चौकट, खालीवर होते, ताण्यात फट पडते आणि हाताने त्या फटीतून आडवा धागा वाहणारा धोटा फेकायचा. म्हणजे वेमाईचे हात उजेडात आणि पाय अंधारात. काय विणायचं ते हात ठरवतात, पण कोणते धागे वर येतील ते पाय. सातमुखातले लोक मानतात की तिच्या पायांशी, त्या खड्ड्यात, मेलेली माणसं राहतात आणि कधीकधी तिच्या घोट्याला धरून ओढतात. इतिहासातल्या विचित्र योगायोगांचं त्यांचं स्पष्टीकरण हे.

खड्डामागाची आणखी एक खरी अडचण माझ्या फार उपयोगी पडली. पावसाळ्यात खड्ड्यात पाणी झिरपतं आणि विणकाम बंद पडतं. सातमुखासारख्या पाणथळ मुलखात तर वेमाईचा खड्डा चार महिने भरलेला. त्या चार महिन्यांना तिथे 'ओली' म्हणतात. ओलीत काळ पुढे जातो, पण विणला जात नाही. त्यात केलेला करार टिकत नाही म्हणून कुणी करत नाही. लग्नं होत नाहीत. आपल्याकडे चातुर्मासात देव निजतात आणि मुहूर्त थांबतात, तसाच हा बंद काळ. फरक असा की सातमुखात ओलीत केलेला गुन्हाही कापडात उतरत नाही. सावकार, खुनी आणि प्रेमिक तिघेही त्या चार महिन्यांची वाट पाहतात. आणि ओलीत जन्मलेली मुलं? त्यांना मागावर जागा नाही. कथेचा नायक शोधायला यापेक्षा लांब जायची गरज नाही.

तुमच्या मागाची अशी एक व्यावहारिक अडचण शोधा. मोडणारा भाग, न आवडणारा ऋतू, उंदीर, काहीही. तिचं जगाच्या पातळीवर काय होतं ते लिहा. एवढ्या एका व्यायामातून मला देवतेच्या दहा विशेषणांपेक्षा जास्त मिळालं.

चौथी पायरी: माणूस ताणा की बाणा?

ताणा म्हणजे उभे धागे, बाणा म्हणजे त्यांतून ये-जा करणारा आडवा धागा. बहुतेक कथा इथे फसतात आणि लेखकाला कळतही नाही. सहज लिहून जातो की प्रत्येक माणूस म्हणजे ताण्यातला एक धागा. पण ताण्याचे सगळे धागे एकाच लांबीचे असतात. एकत्र मोजून, खळ देऊन, एकत्र गुंडाळून ते मागावर चढवतात. माणूस ताणा असेल तर सगळं जग एकाच दिवशी जन्मतं आणि एकाच दिवशी मरतं. तुम्हाला तसंच हवं असेल तर हरकत नाही. नसेल तर माणसाला बाण्यात घाला.

पैठणीच्या पदरावरचा मोर कसा उतरतो ते पाहा. तिथे बाणा एका काठापासून दुसऱ्यापर्यंत सलग जातोच असं नाही. प्रत्येक रंगाची स्वतःची छोटी कांडी, म्हणजे सूत गुंडाळलेली नळी, असते. हिरवा धागा आपल्या हद्दीपर्यंत जातो, शेजारच्या लाल धाग्याला अडकवून घेतो आणि परत फिरतो. लालही तसाच. रंगाचं काम संपलं की ती कांडी बाजूला होते. ताणा तसाच पुढे चालू. आयुष्याची यापेक्षा नेटकी रचना मला सापडलेली नाही. माणूस म्हणजे एक कांडी सूत: मर्यादित रुंदीत येरझारा घालणारं, ज्याची कड शेजाऱ्यांनी धरलेली आहे.

आणि शेजाऱ्याला अडकवलं नाही तर? काही गालिच्यांमध्ये दोन रंग आपापल्या हद्दीवरून नुसतेच परत फिरतात, तिथे कापडात उभी चीर राहते. सातमुखात भाऊबंदकीला, दोन गावांच्या वैराला 'चीर' म्हणतात. चीर लांबली की त्या जागी कापड ताण सहन करत नाही, आणि वेमाईला स्वतःलाच त्यात लक्ष घालावं लागतं. तिचं लक्ष जाणं चांगलं नव्हे, हेही तिथल्या पोरासोरांना ठाऊक असतं.

मग ताण्यात काय उरतं? जे माणसांपेक्षा जास्त टिकतं ते. वेमाईच्या ताण्यात पाणी, मीठ, भूक आणि कुळं आहेत. या गोष्टी आधीच ताणलेल्या आहेत, त्या तिलाही हलवता येत नाहीत. नशीब आणि इच्छास्वातंत्र्याचा जो प्रश्न अशा कथांत नेहमी पानंच्या पानं खातो, तो इथे एका वाक्यात मिटतो: पूर येणार हे ताण्यात आहे, पुरात तू कुणाचा हात धरशील ते बाण्यात. तुमच्या जगासाठी ताण्यातल्या चार-पाच गोष्टी लिहून काढा. त्याहून जास्त झाल्या तर पात्रांना हलायला जागा उरत नाही.

पाचवी पायरी: तिला काय जमत नाही

विणलेला भाग रुळावर गुंडाळला जातो आणि न विणलेला ताणा दुसऱ्या रुळावर असतो. विणकराच्या डोळ्यांसमोर मधली वीतभर पट्टीच असते. देवतेलाही तेवढीच द्या. भूतकाळ पाहायचा तर रूळ उलटा फिरवायला हवा, तसं केलं की ताण जातो आणि तेवढा वेळ विणकाम थांबतं. म्हणजे वेमाईला जुनं काही विचारायचं तर जगाचं आत्ताचं काम अडतं. पुजारी म्हणून तिला सहसा काही विचारत नाहीत, आणि ज्या राजाने विचारलं त्याच्या राज्यात काय झालं ही उपकथा तुम्हाला फुकट मिळाली.

दुसरी मर्यादा बाजूची. फ्रान्समध्ये उभ्या मागावर चित्रजवनिका विणणारे कारागीर मागच्या बाजूने विणतात. पुढून चित्र कसं दिसतंय हे पाहायला आरसा ठेवतात. पैठणी दोन्ही बाजूंनी सारखी दिसते, हा तिचा अभिमान. तुमची देवता कोणती बाजू पाहते? वेमाई मागची पाहते. तिला गाठी, सुटलेली टोकं, सांधे दिसतात. समोर उमटणारं चित्र दिसत नाही. ती क्रूर वाटते याचं कारण हेच. सातमुखातले मोठे ऋषी-मुनी तिचा आरसा शोधत आयुष्य घालवतात.

उसवणं हा पर्याय लेखक वारंवार वापरतात. वापरा, पण किंमत ठेवा. धागा मागाच्या फणीच्या दातांतून घासत गेलेला असतो, खळ उडालेली असते. उसवून पुन्हा विणला की तो पहिल्याइतका बळकट नसतो. काळ मागे फिरवून वाचवलेलं पात्र त्यानंतर थोडं विरविरीत झालं पाहिजे.

कात्री मात्र टाळा. ती आत्रोपोसची.

सहावी पायरी: घरातली इतर माणसं

हातमाग एकट्याने चालत नाही. सूत उकलणं, रंगवणं, ताणा लावणं, कांड्या भरणं ही कामं घरातल्या बायका, मुलं, म्हातारी माणसं करतात आणि नाव मागावर बसलेल्याचं होतं. इचलकरंजीत ताण्याचं एकेक टोक वहीतून आणि फणीतून ओवणारे वहिफणी कामगार हा वेगळाच वर्ग आहे. तुमच्या देवतेभोवतीही असं घर उभं करा.

वेमाईच्या घरी तिची नणंद आहे, कांडाई. ती कांड्या भरते. कुणाच्या कांडीत किती सूत, हे तीच ठरवते, कारण तेवढा वेळ वेमाईला नाही. म्हणजे आयुष्याची लांबी कांडाईच्या हातात, आणि देऊळ, नैवेद्य, जत्रा सगळं वेमाईचं! या दोघींचं जे आहे ते नणंद-भावजयीचंच आहे, त्याला फार तात्त्विक रंग देऊ नका. सातमुखातल्या सुइणी आणि वैदू मात्र गुपचूप कांडाईला मानतात. तिचं देऊळ नाही. घराच्या मागच्या दारी एक रिकामी कांडी टांगतात, एवढंच.

सातवी पायरी: देऊळ, सण, भाषा

विणकरांची देवता आणि विणणारी देवता या दोन वेगळ्या गोष्टी आहेत. महाराष्ट्रातल्या देवांग कोष्ट्यांची चौंडेश्वरी, स्वकुळ साळ्यांचे जिव्हेश्वर, ही समाजाची दैवतं. जगाचं नशीब विणणं हे त्यांचं काम नव्हे. तुमच्या जगात जर देवताच विणते, तर माणसांमधले विणकर कोण ठरतात? पुजारी, की देवाची नक्कल करणारे पाखंडी? सातमुखात रंगीत नक्षी विणायची परवानगी फक्त देवळाला आहे. बाकीच्यांनी साधं पांढरं कापड विणायचं, पन्हा ठरलेला. या एका नियमातून करव्यवस्था, चोरटा व्यापार आणि बंड तिन्ही निघाली.

सण मागाच्या कामावरून बसवा. नवा ताणा चढवताना जुन्याची टोकं पूर्ण काढत नाहीत. वही-फणीत अडकलेल्या जुन्या टोकांना नव्याचं एकेक टोक पीळ देऊन सांधतात, म्हणजे पुन्हा ओवावं लागत नाही. सातमुखात युग बदलतं ते असं. ओली संपली की 'सांधणी'चा सण: प्रत्येक घरातला सर्वांत म्हातारा आणि सर्वांत लहान यांच्या मनगटांना एकच दोरा. दोरा आपोआप तुटेपर्यंत दोघांनी सोबत राहायचं. यात गोंधळ, विनोद आणि एखादं गुपित फुटणं ओघानेच येतं.

भाषेसाठी दोन-चार म्हणी पुरतात. सातमुखातल्या काही: 'धोटा गेला तसा येतो.' 'ओलीचं देणं, पाण्याचं लेणं.' 'भावजयीला नमस्कार, नणंदेला नैवेद्य.' शिवी एकच, पण जहरी: 'सुटल्या पिळाचा.' म्हणी स्पष्ट करत बसू नका; बाजारातल्या भांडणात फेका, वाचक समजून घेतो.

शेवटची पायरी: तीन प्रसंगांत घासून पाहा

देवता कागदावर तयार झाली की लगेच पहिलं प्रकरण लिहू नका. आधी तीन छोटे प्रसंग लिहा, प्रत्येकी पानभर.

पहिला भविष्यकथनाचा. पुजारी फक्त ताणा वाचू शकतो. समोर पोरीला घेऊन आलेली आई आहे. पुजारी खोटं न बोलता काय सांगेल? 'मोठी भरती येईल आणि तुझं कुळ तेव्हा पश्चिमेच्या फाट्यावर असेल.' आई विचारते, पोरीचं काय? पुजारी गप्प. हे पान कंटाळवाणं झालं तर तुमचा ताणा नीट ठरलेला नाही.

दुसरा सौद्याचा. नवरा मरणाच्या दारात असलेली बाई मागच्या दारी कांडाईकडे जाते. सूत कुठून तरी यायला हवं, नव्याने ते पिकत नाही. कुणाच्या कांडीतून? सांध्याची गाठ कापडावर कायमची दिसेल; ती त्या नवऱ्याच्या अंगावर, स्वभावात कुठे उमटेल? इथे कांडाई दयाळू निघाली तर प्रसंग पडतो. तिला हिशेबी ठेवा, थोडी थकलेली.

तिसरा प्रसंग देवतेशिवायचा: ओलीच्या शेवटच्या आठवड्यातला मासळी बाजार. कुणी तिचं नाव घ्यायचं नाही. तरी गिऱ्हाईक आणि कोळीण उधारीवरून ज्या रीतीने भांडतात, खाजणाकडे बघत पाऊस कधी हटेल याचा अंदाज बांधतात, एक म्हातारा घाईघाईने कुणाला तरी शब्द देतो आणि दुसरा तो घ्यायला नकार देतो, त्यावरून वेमाई ओळखू आली पाहिजे. हा प्रसंग जमला तर तिला पहिल्या शंभर पानांत प्रत्यक्ष आणू नका. नाही जमला तर तिसऱ्या पायरीवर परत जा आणि माग बदलून बघा. सूत बदलून फारसा फरक पडत नाही.